शेवटचे स्थानक आणि मुक्कामाची गाडी



रेल्वेवर व्याख्यान म्हटले की पूल, बोगदे आणि इंजिने यांची वर्णने ऐकायला मिळतील, अशी श्रोत्यांची अपेक्षा असते. मी मात्र आज एकच साधा प्रश्न घेऊन उभा आहे : गाडी रात्री मुक्कामाला कोठे असते? लोहमार्गाच्या शेवटच्या स्थानकावरील माणसाला त्या मार्गाचा उपयोग होणार की नाही, हे रुळांइतकेच या गोष्टीवरही ठरते, असे माझे म्हणणे आहे.

उदाहरण आपल्या दारचेच घेऊ. नगरला रेल्वे नवी नाही. दौंड-मनमाड मार्ग १८७८ सालचा. पण बीडकडे जाणारा फाटा फुटायला त्यानंतर शतक उलटून गेले. नगर-बीड-परळी हा २६१ किलोमीटरचा मार्ग १९९५-९६ मध्ये मंजूर झाला. त्यांपैकी आष्टीपर्यंतच्या ६६ किलोमीटरांवर प्रवासी गाडी सुरू झाली ती २३ सप्टेंबर २०२२ रोजी. त्या दिवसापासून आष्टी हे या फाट्याचे शेवटचे स्थानक झाले.

आता त्या गाडीचे पहिले वेळापत्रक पाहा. सकाळी पावणेआठला ती नगरहून निघे आणि साडेदहाला आष्टीस पोचे. अकराला तेथून परत फिरे आणि दुपारी दोनच्या सुमारास नगरला येई. आठवड्यातून सहा दिवस, एवढीच एक फेरी. ही गाडी कोणासाठी होती? आष्टीचा, कड्याचा, नारायणडोहचा माणूस नगरला येतो तो कामाला, कचेरीला, दवाखान्याला, कॉलेजला. नागापूरच्या कारखान्यांतली सकाळची पाळी दुपारच्या गाडीसाठी थांबत नाही. दोन वाजता नगरच्या फलाटावर उतरणाऱ्याचा रोज बुडालेलाच असतो, आणि संध्याकाळी त्याला परत न्यायला गाडीही नसते. मग तो एसटीने जातो, नाहीतर जीपमध्ये दाटीवाटीने बसतो. आणि वर आपणच म्हणायचे, लोक रेल्वेत बसत नाहीत!

वास्तविक हे कोडे आपल्याकडे पूर्वीच सुटलेले आहे. १ जून १९४८ रोजी एसटीची पहिली गाडी धावली ती पुणे-नगर याच रस्त्यावर. त्याच एसटीने पुढे खेडोपाडी मुक्कामी गाडी नेली. संध्याकाळी गाडी गावात येते, चालक-वाहक तेथेच राहतात, आणि सकाळी गावचीच माणसे घेऊन ती शहराकडे निघते. मुंबईच्या लोकलचे पाहा. कसाऱ्याहून उजाडण्यापूर्वी गाडी सुटते, म्हणून कसाऱ्यात घर ठेवून मुंबईत नोकरी करता येते. इंग्लंडात तर १८८३ साली कायदाच झाला : कामावर जाण्यायेण्याच्या वेळी कामगारांसाठी स्वस्त भाड्याच्या पुरेशा गाड्या सोडणे कंपन्यांना भाग पडले. त्या कायद्यात भाड्याइतकेच महत्त्व वेळेला होते, हे ध्यानात घ्या. पाळी चुकवणारे स्वस्त तिकीट कामगाराला महागच पडते.

मुक्काम फुकट होत नाही, हे मला मान्य आहे. शेवटच्या स्थानकावर गाडी उभी करायला वेगळा रूळ लागतो. पाणी, झाडलोट, राखण लागते. चालकाला आणि गार्डाला धड झोप मिळेल अशी खोली लागते. ही शेवटची बाब मी कामगार चळवळीतला माणूस म्हणून मुद्दाम सांगतो. प्रवाशांची सोय करायची ती गाडी चालवणाऱ्याची झोप मोडून नव्हे. पण ज्या मार्गावर कोट्यवधी रुपये घातले, त्यावर ही एक खोली आणि एक रूळ जड होऊ नये.

१७ सप्टेंबर २०२५ रोजी गाडी बीडपर्यंत गेली आणि शेवटचे स्थानक पुढे सरकले. मार्ग परळीपर्यंत न्यायचा आहे. स्थानक सरकले तरी प्रश्न तोच राहतो. म्हणून नवे वेळापत्रक हाती येईल तेव्हा गाड्या किती हे नंतर मोजा. सकाळची पहिली गाडी कोणत्या टोकाहून सुटते ते आधी पाहा. आणि अर्जावर सह्या कराल तेव्हा नुसते 'गाडी द्या' असे लिहू नका. 'पाळीच्या आधी पोचवणारी आणि पाळी सुटल्यावर परत नेणारी गाडी द्या' असे लिहा. नगरकरांनीही त्यावर सह्या कराव्यात. कारण त्या गाडीने येणारे हातच आपले कारखाने आणि बाजार चालवतात.