दुसरा कीपर

अहिल्यानगरहून बोलतोय. हेडफोन लावलेत ना? आज थोडं मनातलं सांगतो.

मी विकेटकीपर. म्हणजे आपलं म्हणायचं! कॉलेजच्या टीममध्ये ३ वर्षं मी दुसरा कीपर होतो. वाडिया पार्कला मॅच असली की माझं काम ठरलेलं, पाण्याच्या बाटल्या न्यायच्या आणि पहिल्या कीपरला सराव द्यायचा. तिसऱ्या वर्षी वैतागून ग्लोव्हज विकायला काढले. गिऱ्हाईकही मिळालं होतं.

त्याच आठवड्यात २००१ च्या चेन्नई टेस्टचा व्हिडिओ बघितला. खरं तर बघत होतो जहीर खानसाठी, आपल्या श्रीरामपूरचा म्हणून. पण नजर गेली समीर दिघेवर.

दिघे मुंबईचा कीपर. १९९०-९१ पासून रणजी खेळत होता. पण देशाच्या टीममध्ये कीपर एकच लागतो हो! बॅट्समन सहा असतात, बॉलर चार असतात, यष्टीमागे जागा एकच. आधी किरण मोरे, मग नयन मोंगिया. मोंगियाला दुखापत झाली तेव्हा दिघेला पहिली टेस्ट मिळाली. वय ३२. या वयात लोक रिटायर व्हायचा विचार करतात.

आणि समोर कोण? स्टीव्ह वॉचा ऑस्ट्रेलिया. मालिका १-१. शेवटच्या दिवशी जिंकायला १५५ हवे होते. सचिन, द्रविड, गांगुली गेले. ६६ करून लक्ष्मणही गेला. १५१ वर आपला जहीर शून्यावर आउट! ८ विकेट गेल्या, ४ रन बाकी, आणि एका टोकाला दिघे उभा. विजयी फटका हरभजनने मारला. त्याने त्या मॅचमध्ये १५ विकेट काढल्या होत्या, त्यामुळे हेडलाइन त्याचीच, आणि ते बरोबरच आहे. दिघे नाबाद २२.

आता तुम्ही म्हणाल, मग पुढे त्याचं करिअर सुसाट गेलं असेल. नाही ना! सगळ्या मिळून ६ टेस्ट आणि २३ वनडे. त्याच वर्षी हरारेला वेस्ट इंडिजविरुद्ध फायनलमध्ये नाबाद ९४ केले, तरी आपण हरलो. वर्षभरात टीममधून बाहेर. पुढे तो मुंबईचा कोच झाला.

म्हणून 'थांबा, फळ मिळेल' असलं काही मी सांगणार नाही. कधी मिळतं, कधी नाही. मलाही नाही मिळालं, चौथ्या वर्षी मी एकच मॅच खेळलो. पण दिवसाला ९० ओव्हर म्हणजे ५४० उठाबशा. त्या दिघेने १० वर्षं काढल्या, नाव होईल याची खात्री नसताना. चेन्नईत बोलावणं आलं तेव्हा त्याचे गुडघे आणि हात तयार होते, एवढंच.

ग्लोव्हज अजून माझ्याकडेच आहेत. रविवारी पोरांना कीपिंग शिकवतो. त्यातला एक दुसरा कीपर आहे. त्याला मी मुद्दाम जास्त कॅच देतो.

तुमच्या टीममधला दुसरा कीपर कोण? आज त्याला एक फोन करा. भेटू पुढच्या भागात!