ध्रुवावरचे विज्ञान आणि गावातला पडदा

(सातारा व सांगली जिल्ह्यांतील कार्यकर्त्यांच्या औंध येथील अभ्यासवर्गात, अनुबोधपट दाखविल्यानंतर केलेले भाषण)

पडदा बांधण्याचे काम चालू असताना माण तालुक्यातील एका वयोवृद्ध कार्यकर्त्यांनी मला विचारले, "आमच्याकडे लोक टँकरची वाट पाहताहेत आणि तुम्ही आम्हाला बर्फ दाखवणार! त्याने काय साधणार?" प्रश्न रोखठोक होता आणि रास्तही होता. पट संपला आहे. आता त्या प्रश्नाचे उत्तर देणे माझे कर्तव्य आहे.

आपण पाहिलेला पट लूक जाके या फ्रेंच दिग्दर्शकाने २०१५ साली पूर्ण केला. त्याचा नायक क्लोद लोरियस हा हिमशास्त्रज्ञ. १९५७ साली, आंतरराष्ट्रीय भूभौतिक वर्षात, हा पंचवीस वर्षांचा तरुण दोन सहकाऱ्यांसह अंटार्क्टिकावरील बर्फाखालच्या लहानशा ठाण्यात जवळजवळ वर्षभर राहिला. पुढे १९६५ साली त्याने हिमनदीतून काढलेला बर्फाचा तुकडा मद्याच्या पेल्यात टाकला, तेव्हा त्यातून बुडबुडे फुटू लागले. दुसरा कोणी असता तर पेला रिकामा करून मोकळा झाला असता. लोरियसच्या मनात आले, की ही हवा आजची नव्हे. ज्या काळी तो बर्फ पडला त्या काळची ती हवा आहे.

साल-दरसाल पडलेल्या हिमाचे थर एकावर एक दाबले जातात आणि त्यांच्यात हवा कोंडली जाते. जितके खोल जावे तितका जुना काळ हाती लागतो. रशियाच्या व्होस्तोक ठाण्यावर दोन हजार मीटरपेक्षा खोल भोक पाडून काढलेल्या बर्फाचे निष्कर्ष १९८७ साली प्रसिद्ध झाले, आणि १,६०,००० वर्षांचा हिशेब जगापुढे आला: हवेतील कार्बन डायऑक्साइड आणि पृथ्वीचे तापमान यांची चढउतार जोडीने होत आली आहे. त्यानंतर अधिक खोल गेलेल्या संशोधनाने हा हिशेब आठ लाख वर्षांपर्यंत मागे नेला. त्या संपूर्ण काळात या वायूचे प्रमाण दशलक्ष भागांत सुमारे तीनशे भागांच्या वर गेले नव्हते. आज ते ४२० च्या पुढे आहे.

व्होस्तोकचे भोक पाडले सोव्हिएत कामगारांनी, माणसे व बर्फ यांची ने-आण केली अमेरिकी विमानांनी, आणि बर्फाचे पृथक्करण झाले फ्रेंच प्रयोगशाळेत. हे सारे घडले ते शीतयुद्धाच्या ऐन कडाक्यात. क्षेपणास्त्रे एकमेकांवर रोखलेली असताना तीन राष्ट्रांची माणसे एकच बर्फ वाचीत बसली होती, ही गोष्ट विसरण्यासारखी नाही.

परंतु ध्रुवावरचा कॅमेरा प्रथमपासून असा ज्ञानाचा सोबती नव्हता. स्कॉटच्या १९१० च्या मोहिमेबरोबर हर्बर्ट पाँटिंग गेला आणि शॅकल्टनच्या १९१४ च्या मोहिमेबरोबर फ्रँक हर्ली गेला. त्यांची चित्रे आजही डोळे दिपवितात. तथापि, चित्रपटाचे हक्क विकून मोहिमेचा खर्च भागवायचा, हाही त्यामागे एक हेतू होता. १९३० साली बर्ड या अमेरिकी दर्यावर्द्याच्या मोहिमेवरील पटाला छायाचित्रणाचे ऑस्कर मिळाले. त्या मोहिमेला रॉकफेलर व फोर्ड या घराण्यांचे साहाय्य होते. अशा पटांत एक वीर असतो, एक झेंडा असतो आणि एक शुभ्र पोकळी असते. भोक पाडणारा, स्वयंपाक करणारा, यंत्र दुरुस्त करणारा क्वचितच दिसतो. विज्ञान हे अनेक हातांचे काम आहे, ही गोष्ट असा पट झाकून ठेवतो. म्हणून पट पाहताना, "यात कोण दिसत नाही?" हा प्रश्न आपण नेहमी विचारला पाहिजे.

काळ बदलला तसा कॅमेराही बदलला. २०१२ सालच्या 'चेसिंग आइस' या पटात जेम्स बलोग या छायाचित्रकाराने ग्रीनलंड, आइसलँड व अलास्का येथील हिमनद्यांसमोर कॅमेरे रोवले आणि ते वर्षानुवर्षे आपोआप चित्रे टिपीत राहिले. हिमनदी मागे हटते आहे, हे मग तर्काने पटवून देण्याची गरज उरली नाही, डोळ्यांनाच दिसले. कॅमेरा येथे प्रेक्षक न राहता तापमापकासारखे साधन झाला.

आता आपल्याकडे वळू. भारताची पहिली अंटार्क्टिका मोहीम डॉ. एस. झेड. कासिम यांच्या नेतृत्वाखाली ६ डिसेंबर १९८१ रोजी गोव्याहून निघाली आणि ९ जानेवारी १९८२ रोजी त्या भूमीवर उतरली. डिसेंबर १९८३ मध्ये निघालेल्या तिसऱ्या मोहिमेने 'दक्षिण गंगोत्री' हे आपले पहिले ठाणे उभारले. याच मोहिमेत प्रथमच दोन भारतीय स्त्रिया होत्या: भूशास्त्रज्ञ सुदीप्ता सेनगुप्ता आणि सागरशास्त्रज्ञ डॉ. आदिती पंत. या आदिती पंत म्हणजे अप्पासाहेब पंत यांच्या कन्या, आणि ज्या औंधात आपण आज बसलो आहोत त्या औंधच्या बाळासाहेब पंतप्रतिनिधींच्या नात. खटाव तालुक्यातील किती शाळकरी मुलींना हे ठाऊक आहे? आपल्यापैकी किती जणांना ठाऊक होते?

आता मूळ प्रश्नाकडे येतो. नैर्ऋत्य मोसमी वारे आपल्याला पाऊस देतात, पण त्यांचा प्रवास विषुववृत्ताच्या पलीकडे, दक्षिण हिंदी महासागरावर सुरू होतो. अंटार्क्टिकाला जाणारी आपली जहाजे तोच महासागर ओलांडतात. उत्तर ध्रुवाकडील कारा समुद्रातील बर्फ उन्हाळ्यात घटणे आणि भारतात सप्टेंबरमध्ये अतिवृष्टी होणे यांत संबंध असण्याची शक्यता गोव्यातील राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्राच्या शास्त्रज्ञांनी २०२१ साली मांडली. शक्यता म्हणजे सिद्धांत नव्हे. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णेचे पाणी ५७ फुटांवर गेले ते ध्रुवावरचा बर्फ वितळल्यामुळे, असे कोणी सांगू लागला तर त्यावर विश्वास ठेवू नका. परंतु एकाच खोऱ्यात वर माण-खटाव कोरडे आणि खाली सांगली पाण्याखाली, अशा काळात पावसाच्या लहरीचा अभ्यास कोठे चालला आहे, हे जाणून घेण्याचा पहिला हक्क ज्यांचे पीक जाते त्यांचा आहे.

आणि नेमके हेच होत नाही. संशोधन सार्वजनिक पैशातून होते. त्याची माहिती मात्र इंग्रजीत आणि वर्गणी भरणाऱ्याच्या घरातल्या पडद्यावर राहते. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे पट एके काळी प्रत्येक चित्रपटगृहात मुख्य खेळापूर्वी दाखविणे सक्तीचे होते. त्यांत सरकारी प्रचार पुष्कळ असे, आणि ते लागले की प्रेक्षक विडी ओढायला बाहेर जात, हेही खरे. पण सर्वांत स्वस्त तिकीट काढणाऱ्यालाही त्याच्या भाषेत माहिती मिळाली पाहिजे, हे तत्त्व त्यात होते. ती संस्था २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. संस्था गेल्याबद्दल अश्रू ढाळण्याचे कारण नाही. तत्त्व गेले, ही चिंतेची बाब आहे.

साथींनो, १९३९ साली याच औंध संस्थानाने स्वराज्याची घटना स्वीकारून कारभार गावपंचायतींच्या हाती दिला. सत्ता गावात आणता येते, हे या भूमीने दाखविले. ज्ञानही गावात आणता येते, याचाही दाखला दूर नाही. १९८० च्या दशकात खानापूर तालुक्यात येरळेची वाळू कंत्राटदार नेत असताना गावकऱ्यांनी जाणकार अभियंत्यांना बरोबर घेऊन नदीचा अभ्यास केला, थोडी वाळू विकून पैसा उभा केला आणि बळीराजा धरण बांधले. 'हे तज्ज्ञांचे काम' असे म्हणून ते घरी बसले नाहीत.

म्हणून माझी सूचना साधी आहे. आपल्या यात्रांतून पूर्वी तंबूतला सिनेमा जात असे. तसाच हा पडदा गावोगाव न्या. पट परभाषेतला असेल तर गावातल्या शिक्षकाने मराठी निवेदन मोठ्याने वाचावे. पट संपल्यावर निदान अर्धा तास प्रश्नांसाठी ठेवावा, आणि ज्याचे उत्तर ठाऊक नसेल त्याला तसे स्पष्ट सांगून तो प्रश्न गोव्याच्या संशोधन केंद्राला लिहून पाठवावा. आणि त्याच सभेत, त्या गावच्या पर्जन्यमापकाची मिळतील तितक्या वर्षांची आकडेवारी फळ्यावर लिहून ठेवावी. अंटार्क्टिकाच्या बर्फाने आठ लाख वर्षांची नोंद राखली. आपण आपल्या गावच्या चाळीस वर्षांच्या पावसाची नोंद राखू नये काय?

बर्फ पाहून टँकर येणार नाही, हे त्या वयोवृद्ध साथींना मी मान्य करतो. परंतु टँकर का येतो, दरवर्षी का येतो, आणि पुढील वर्षी तो येऊ नये म्हणून कोणाला कोणता प्रश्न विचारायचा, हे ज्याला कळले त्याला फार दिवस नुसते वाट पाहत बसविता येत नाही.