बिननावाचे पाखरू



भोकरदनात नावांविषयी बोलावयाचे, तर आरंभ गावाच्याच नावापासून केला पाहिजे. सांची आणि भारहूत येथील स्तूपांना ज्यांनी दाने दिली त्यांची नावे तेथील दगडांवर कोरलेली आहेत, आणि त्यांत भोगवर्धनाचे रहिवासी आहेत. ते भोगवर्धन म्हणजे हेच आपले भोकरदन. १९७३ साली नागपूर व मराठवाडा या दोन विद्यापीठांनी येथे उत्खनन केले, तेव्हा सातवाहनकाळातील नांदते गाव मातीखालून वर आले. भोग म्हणजे समृद्धी, सुखाचा उपभोग. तो वाढविणारे ते भोगवर्धन. मोठ्या हौसेने ठेवलेले नाव आहे! पण आज आपल्या घरातील म्हातारी 'अजून भोग सरले नाहीत' असे म्हणते, तेव्हा तिच्या मनात सुख नसते. शब्द तोच राहिला; अर्थाने मात्र पाठ फिरविली.

कपाशी पेरणाऱ्याला यांपैकी कोणता अर्थ जवळचा वाटतो, हे या तालुक्यात आम्ही सांगावयास नको. २०१७ सालचा हंगाम कोणी विसरलेले नाही. बोंडे वरून धडधाकट दिसत होती. फोडली की आत किडलेली सरकी आणि पिवळट कवडी. गुलाबी बोंडअळीने मराठवाडा आणि विदर्भ दोन्ही पोखरले. आज आम्ही बोलणार आहोत ते याच प्राण्याविषयी. पण अळीविषयी थोडे आणि तिच्या नावाविषयी अधिक.

गुलाबी बोंडअळी. नाव किती नेमके आहे पाहा. रंग सांगितला, ठिकाण सांगितले, अवस्था सांगितली. परंतु ही अळी येते कोठून? ती जन्मभर अळी राहत नाही. कोशात जाते आणि एक लहानसे पाखरू होऊन बाहेर पडते. तेच पाखरू पुन्हा पात्यांवर, फुलांवर, बोंडांवर अंडी घालते. म्हणजे घराण्याचा कर्ता ते पाखरू आहे. त्याचे मराठी नाव काय? नाव नाही. 'बोंडअळीचा पतंग' असे आपण म्हणतो, म्हणजे 'अमक्याचा बाप' म्हणावे तसे. मराठीत 'नावे ठेवणे' आणि 'नाव ठेवणे' यांत मोठे अंतर आहे. अळीला आपण पोटभर नावे ठेवली; पाखराला नाव ठेवावयाचे राहून गेले.

विद्वानांनी मात्र उलट केले. १८४२ साली भडोचच्या कपाशीवर हा किडा आढळला आणि पुढच्याच वर्षी साँडर्स या इंग्रज अभ्यासकाने त्याचे वर्णन करून 'गॉसिपिएला' असे नाव दिले. गॉसिपियम म्हणजे कपाशी. शेवटचे 'एला' हे लहानग्या पतंगांच्या नावांना जोडण्याची त्या शास्त्राची रीतच आहे. १९१७ साली बस्क याने त्याला 'पेक्टिनोफोरा' या कुळात घातले. त्याचा अर्थ फणी धारण करणारा. या पाखराच्या मिशांच्या बुडाशी पाच-सहा ताठ, केसांसारखे खवले असतात. ती त्याची फणी. सारे पाखरू जेमतेम गव्हाच्या दाण्याहून थोडे मोठे, आणि त्याच्या मिशीच्या बुडाची फणी कोणी तरी पाहिली व नावात बांधली! आम्हाला या नजरेचा हेवा वाटतो.

नाव ही ठेवणाऱ्याच्या नजरेची खूण असते. आपल्या घरांतील नावे पाहा. मुले जगत नसत त्या घरी धोंडू, दगडू अशी नावे ठेवीत. दृष्ट लागू नये हा हेतू. तेथे शब्दाचा अर्थ आणि मायेचा अर्थ एकमेकांच्या विरुद्ध होते, आणि ते सर्वांना कळत असे. पण 'नकोशी' या नावात अशी माया नव्हती. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा दोनशेहून अधिक मुलींना समारंभाने नवी नावे देण्यात आली. नाव म्हणजे नुसता आवाज असता, तर एवढी यातायात कोणी केली असती?

पतंग हेही माणसाचे नाव होते. पतंगराव कदमांचे नाव महाराष्ट्रात सर्वांना ठाऊक आहे. ते ऐकताना दिव्यावर झडप घालणारा किडा कोणाच्या मनात येत नाही. आभाळात चढलेला पतंग येतो. मुळात संस्कृतात पतंग म्हणजे उडत जाणारा. पक्षी, सूर्य यांनाही तो शब्द लावीत. ज्या 'पत्' धातूपासून तो आला, त्याचे अर्थ दोन: उडणे आणि पडणे. पतन हा शब्दही त्याच घरचा.

आता दुसरे पाखरू घ्या. जालन्याच्या बाजार समितीत २०१८ पासून रेशीमकोशांची खरेदी होते. तुतीवर अळ्या पोसणारा शेतकरी त्यांची कात, त्यांची भूक, त्यांचे आजार सारे ओळखतो. कोशापासून झालेले ते कौशेय, हे पाणिनीने सांगून ठेवले आहे. फारसीतून रेशीम आले आणि मुलीचे नाव रेशमा झाले. पण कोश फोडून पाखरू बाहेर पडले तर धागा तुटतो, म्हणून ते बाहेर पडण्याआधीच कोश विकला जातो. आणि क्वचित पडलेच, तरी माणसाच्या पोसण्याने ते इतके परावलंबी झाले आहे की त्याला उडता येत नाही. न उडणारा पतंग! एक अळी आपण पोसतो, दुसरी मारतो. पाखरू दोन्हीकडे अनोळखीच.

यात नुकसान काय, असे कोणी विचारील. नुकसान पैशाचे आहे. अळी अंड्यातून निघाली की थोड्याच वेळात बोंडात शिरते, आणि शिरलेले भोक बुजते. मग फवारा बाहेर आणि अळी आत. २००२ साली बीटी कापूस आला, २००६ साली त्यात दुसरे विषारी प्रथिन आले. झाडच अळीला मारते म्हटल्यावर शेतात निरखून पाहण्याची सवय सुटली. कालांतराने ही अळी दोन्ही प्रथिनांना दाद देईनाशी झाली, आणि आपण मात्र गाफील. जी अळी दिसते ती उशिरा दिसते. आधी दिसू शकते ते पाखरू. करड्या-तपकिरी रंगाचे, पंखांवर काळपट ठिपके, दिवसा पाचोळ्यात व ढेकळांच्या भेगांत दडणारे, रात्री हिंडणारे.

त्याला गाठण्याची युक्ती आहे. मादी आपल्या अंगाचा गंध सोडते आणि नर त्यावर येतो. हा गंध नेमका कोणत्या द्रव्यांचा, याचा उलगडा १९७३ साली झाला. येथे भोगवर्धन उकरले जात होते तेच वर्ष. तो गंध कृत्रिम रीतीने करून सापळ्यात ठेवतात. त्याला 'कामगंध सापळा' हे नाव ज्याने दिले त्याला आमचा नमस्कार. कालिदासानेही या शब्दाला हरकत घेतली नसती. पेरणीनंतर चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी एकरी दोन सापळे लावावेत आणि रोज सकाळी पाखरे मोजावीत. एका सापळ्यात लागोपाठ तीन रात्री आठ-आठ पाखरे सापडली, की उपाय करण्याची वेळ झाली. कळीसारखे मिटून राहिलेले फूल, ज्याला डोमकळी म्हणतात, ते दिसले तर तोडून नष्ट करावे. आणि फरदडीचा मोह सोडावा. डिसेंबरनंतर पाणी देऊन कपाशी उभी ठेवणे म्हणजे या पाहुण्याला वर्षभराचा शिधा देणे होय. बांधावर रचलेल्या पऱ्हाट्यांतही ती अळी झोप काढते.

पण सापळ्यातले पाखरू मोजावयाचे, तर ते आधी ओळखले पाहिजे. आणि ओळख सांगावयाची तर नाव पाहिजे. 'सापळ्यात काय सापडले?' या प्रश्नाला 'काही नाही, पाकोळ्या आहेत' असे उत्तर मिळते तोवर मोजणार कोण? आम्हाला 'बोंडपाखरू' सुचते. 'फणीपाखरू' म्हटले तरी चालेल, पण ती फणी पाहावयास भिंग लागेल, आणि शेतात भिंग कोण नेतो? पुस्तकातून आलेल्या नावापेक्षा बांधावर उच्चारले गेलेले नाव अधिक टिकते. मृगाचा पाऊस पडून लागवड झाली की सापळे लागतील. पहिल्या सकाळी जे सापडेल त्याला आपल्या घरात, आपल्या बोलीत काय म्हणतात, ते पुढच्या वसंतात आम्हाला सांगावे.