दुय्यम भूमिकेचे मोल
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



खाष्ट सासू म्हटली की आजही डोळ्यांपुढे ललिता पवारच उभ्या राहतात. आज मी त्यांच्या त्या सासूविषयी आणि तिच्यामागील बाईविषयी चार शब्द बोलणार आहे.

१९१६ साली येवल्यास जन्मलेल्या ललिताबाई मूकपटांच्या काळात लहान वयातच पडद्यावर आल्या आणि पुढे नायिका झाल्या. १९४१ सालच्या ‘अमृत’मध्ये त्यांनी काम केले. त्याची कथा वि. स. खांडेकरांची, ते ज्या शिरोड्यास शिक्षक होते, ते गाव त्या वेळी आपल्याच रत्नागिरी जिल्ह्यात होते.

१९४२ साली एका चित्रीकरणात थोबाडीत मारण्याचा प्रसंग होता. भगवान यांचा हात चुकून जोराने बसला. बाईंच्या तोंडावरून वारे गेले आणि डाव्या डोळ्यास कायमचे व्यंग आले. नायिकेचा चेहराच गेला, आता उरले काय, असे कोणासही वाटले असते. परंतु बाई घरी बसल्या नाहीत. नायिकेच्या भूमिका गेल्या, तर त्यांनी बाजूच्या भूमिका पत्करल्या. १९४४ साली ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या आणि पुढे त्या बारीक डोळ्याचाच धाक प्रेक्षकांना वाटू लागला. १९८७ साली सुरू झालेल्या दूरदर्शनच्या ‘रामायणा’त मंथरा त्यांनीच केली, सत्तरी उलटल्यावर!

१९५० च्या ‘दहेज’मध्ये त्या हुंड्यासाठी सुनेला छळणाऱ्या सासू होत्या. हुंडाबंदीचा कायदा १९६१ साली झाला. हुंडा मात्र गेला नाही, त्याने नुसते नाव बदलले. अशी सासू पाहून आपण तिला बोटे मोडतो आणि मोकळ्या होतो. पण देण्याघेण्याची बोलणी बैठकीत बसून करतात कोण? ते पुरुष नामानिराळे राहतात आणि सारा दोष सासूच्या पदरी पडतो, हे मला खटकते. तसेच, ‘मी काही तशी सासू नव्हे’ असे म्हणत आपणही मानपानाची यादी करतोच ना?

याच बाईंनी १९५९ च्या ‘अनाडी’त मिसेस डिसा रंगविली. भाडेकरू तरुणावर तोंडाने खेकसणारी, पोटात मात्र आईची माया! भेसळीच्या औषधाने तिचा बळी जातो आणि तेथूनच कथेस कलाटणी मिळते. या भूमिकेबद्दल बाईंना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. चेहरा तोच, डोळा तोच. माणूस मात्र वेगळे.

भगिनींनो, घरात सून आली की आपणही नायिकेच्या जागेवरून बाजूस होतो. ती जागा कमीपणाची नव्हे. तेथे उभे राहून दहेजमधली सासू व्हायचे की मिसेस डिसा, हे ज्याचे त्याने ठरवायचे. आपल्यापैकी ज्यांच्या घरी यंदा कार्य आहे, त्यांनी यादी करण्यापूर्वी याचा विचार करावा, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेते.