ओळखीची धडधड

(माजी विद्यार्थी मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



‘व्यायाम आणि मन’ या विषयावर मी बोलणार, असं संयोजकांनी जाहीर केलं आणि आपल्या वर्गाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर लगेच एक मेसेज आला : ‘ही? ही तर नववीत दोरीवरून उतरली ती उतरलीच!’ मेसेज टाकणारी तिसऱ्या रांगेत बसली आहे आणि आत्ता खाली बघते आहे. पण ती खोटं बोललेली नाही. सहावी ते आठवी आपण काही मुली संध्याकाळी दोरीचा मल्लखांब करायला जायचो. नववी लागली, क्लास लागले आणि सगळ्यांच्या घरी एकच वाक्य ऐकू आलं, ‘आता दहावी होईपर्यंत बंद.’ दहावी झाली, बारावी झाली, इंजिनिअरिंग झालं, नोकरी, लग्न, मुलगी झाली. ‘होईपर्यंत’ काही संपलं नाही. पुढची पंचवीस वर्षं माझा व्यायाम म्हणजे धावत गाडी पकडणं.

आता जे सांगणार आहे ते या ग्रुपवर मी कधीच लिहिलं नव्हतं.

ऑक्टोबर २०१९. आमच्या कंपनीत एक मोठी सिस्टीम बदलायचं काम चालू होतं आणि रात्रीचे फोन माझ्याकडे होते. एका सकाळी दादरला गाडीत चढले. माटुंगा गेलं आणि काही कारण नसताना छातीत धडधडायला लागलं. हात गार पडले, घाम फुटला, श्वास पुरेना. वाटलं, संपलं. शेजारच्या अनोळखी बाईने जागा दिली, पदराने वारा घातला आणि बांद्र्याला मला धरून उतरवलं. तिचं नाव विचारायचंही मला सुचलं नाही. हॉस्पिटलमध्ये ईसीजी झाला, रक्ततपासणी झाली, सगळं नॉर्मल. त्यानंतर तीन आठवड्यांत असं आणखी दोनदा झालं. दोन्ही वेळा रिपोर्ट नॉर्मल. तिसऱ्या वेळी एका डॉक्टरांनी मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवलं. निदान झालं, पॅनिक अटॅक.

गोळ्या सुरू झाल्या. जवळपास वर्षभर घेतल्या. तुमच्यासमोर हे म्हणायला मला आज सकाळपासून तालीम करावी लागली, म्हणून पुन्हा म्हणते : घेतल्या, आणि त्यांचा उपयोग झाला.

पण डॉक्टरांनी दुसऱ्या भेटीत एक प्रश्न विचारला, त्याने माझं डोकं चालू झालं. ‘हल्ली काय काय करायचं टाळता?’ मी यादी सांगितली. गर्दीची गाडी टाळते, कॉफी टाळते, जिना टाळते. ‘जिना का?’ मी म्हटलं, ‘चढलं की धडधडतं, आणि धडधडलं की वाटतं, आलं परत.’ ते म्हणाले, ‘मग औषध तिथेच आहे. रोज जिना चढा. धडधडेपर्यंत चढा. आणि धडधडत असताना वर उभ्या राहा, ती ओसरेपर्यंत.’

यामागचं शास्त्र सोपं आहे. घाबरल्यावर शरीर जे करतं आणि धावल्यावर शरीर जे करतं, त्यात बरंच सारखं असतं. अॅड्रेनालिन वाढतं, हृदय जोरात चालतं, श्वास जलद होतो, घाम येतो. निरोगी माणूस याकडे लक्षही देत नाही. पॅनिकचा अनुभव घेतलेला माणूस मात्र त्या धडधडीलाच घाबरतो. भीतीने ती आणखी वाढते, आणि वाढली म्हणून भीती वाढते. आमच्या भाषेत सांगायचं तर प्रोग्रॅम स्वतःलाच पुन्हा पुन्हा बोलावत राहतो, बाहेर पडायची अटच सापडत नाही. व्यायामात ती अट सापडते. हृदय जोरात चालतं, काहीही वाईट होत नाही आणि पाच मिनिटांत ते आपोआप शांत होतं. हे पन्नास वेळा घडलं की मेंदू नवा हिशेब मांडतो. पहिल्या दिवशी मी आमच्या इमारतीचे दोन मजले चढून कठड्याला धरून रडले होते. तीन महिन्यांनी सहा मजले चढून वर वाळत घातलेले कपडे काढून आणायला लागले. धडधड तेवढीच होती, पण आता ओळखीची झाली होती.

त्या दिवसांत मला सारखे बाबा आठवायचे.

तुमच्यापैकी अनेकांचे वडील, आजोबा गिरणीत होते, त्यामुळे फार सांगावं लागणार नाही. बाबा साचे खात्यात होते. पहिली पाळी सुटली की घरी येऊन चहा, मग लालबागच्या तालमीत जोर-बैठका आणि समोरच्या पटांगणात कबड्डी. दहा बाय बाराच्या खोलीत सात माणसं राहायची. तालीम हीच त्यांची ऐसपैस जागा होती. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. मी तेव्हा दोन वर्षांची होते, म्हणून पुढचं आईकडून ऐकलेलं. अडीच लाखांच्या आसपास कामगार घरी बसले, त्यांतले बाबा एक. सुरुवातीचे काही महिने ते तालमीत जात होते. मग त्यांनी जाणं सोडलं. आईने विचारलं तर म्हणाले, ‘पोटाला नाही, तिथं जोर कुणासाठी काढू?’ मला आठवतात ते बाबा त्याच्या नंतरचे आहेत : खिडकीत बसलेले, न बोलणारे, भात संपला तरी ताटाकडे बघत राहणारे. शेजारी म्हणायचे, माणूस तिरसट झाला. डिप्रेशन हा शब्द आमच्या माळ्यावर कुणाला माहीत नव्हता.

मी तिसरीत असताना त्यांना माहीमला वॉचमनची नोकरी मिळाली. बसचं भाडं वाचवायला ते लालबागहून माहीमपर्यंत चालत जायचे आणि चालत यायचे. आई अजूनही म्हणते, ‘चालायला लागले आणि बोलायला लागले.’ शिवाजी पार्कवर कुठला सामना चालू होता, परळ नाक्यावर कोण भेटलं, हे संध्याकाळी घरात ऐकू यायला लागलं.

हे चालण्यामुळे झालं की पगारामुळे? इंजिनिअर म्हणून मला याचं उत्तर देता येत नाही. एकाच दिवशी दोन बदल केले की बग नेमका कशाने गेला ते कळत नाही. म्हणून प्रयोग लागतात, आणि असे प्रयोग झालेले आहेत.

अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठात जेम्स ब्लुमेंथाल आणि सहकाऱ्यांनी १९९९ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. पन्नाशीच्या आणि त्यापुढच्या, नैराश्याचं निदान झालेल्या १५६ जणांचे तीन गट केले. एकाला औषध, दुसऱ्याला आठवड्यातून तीनदा व्यायाम, तिसऱ्याला दोन्ही. सोळा आठवड्यांनंतर तिन्ही गटांत सुधारणा जवळपास सारखी होती. औषधाचा गुण मात्र लवकर दिसायला लागला होता. सहा महिन्यांनी पुन्हा पाहिलं, तेव्हा बरे झालेल्यांपैकी व्यायामाच्या गटात आजार उलटण्याचं प्रमाण कमी आढळलं. यात एक गोष्ट विसरायची नाही : हे लोक स्वतःहून पुढे आलेले होते आणि त्यांचा व्यायाम गटात, देखरेखीखाली होत होता. ‘गोळ्या फेका आणि पळा’ असा याचा अर्थ कुणीही काढू नये.

दुसरा अभ्यास २०२२ चा. त्यात पंधरा अभ्यासांतल्या एक लाख नव्वद हजारांहून अधिक माणसांची माहिती एकत्र केली आहे. आठवड्याला अडीच तास भरभर चालण्याइतकी हालचाल करणाऱ्यांमध्ये, काहीच न करणाऱ्यांपेक्षा, नैराश्याचा धोका सुमारे २५ टक्के कमी दिसला. आणि त्याच्या निम्मीच हालचाल करणाऱ्यांमध्येही तो सुमारे १८ टक्के कमी होता. ज्याचं मन बरं आहे तोच चालायला बाहेर पडतो, हेही यात थोडंफार असणार. तरी मला त्यातलं दुसरं वाक्य महत्त्वाचं वाटतं. सगळ्यात मोठा फरक शून्यातून थोड्यावर येण्यात आहे. पुढच्या प्रत्येक किलोमीटरला तेवढी किंमत नाही. मॅरेथॉनचं पदक गळ्यात घालून फोटो टाकणाऱ्या आपल्या मित्रांबद्दल मला आदर आहे. पण त्यांचे फोटो बघून घरी बसलेल्यांसाठी मी बोलते आहे.

हे सगळं एन्डॉर्फिनमुळे होतं, असं आपण ऐकत आलो. आता शास्त्रज्ञ तेवढं सरळ सांगत नाहीत, कारण रक्तातलं एन्डॉर्फिन मेंदूत सहज शिरत नाही. शरीर स्वतः तयार करतं ती गांजासारखी काम करणारी काही द्रव्यं धावल्यावर वाढतात आणि ती मेंदूपर्यंत पोचतात. झोप सुधारते. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात १२० ज्येष्ठांपैकी निम्म्यांना वर्षभर चालायला लावलं, तर त्यांच्या मेंदूतला स्मरणशक्तीशी संबंधित भाग सुमारे दोन टक्क्यांनी वाढला. बाकीचे फक्त शरीर ताणण्याचे व्यायाम करत होते. त्यांचा तोच भाग वयानुसार थोडा घटला.

आता मैत्रिणींचा नेहमीचा प्रश्न. ‘अगं, दिवसभर उभीच असते मी. डबे, भाजी, सासूबाईंचं औषध. वेगळा व्यायाम कशाला?’ मीही हेच म्हणायचे. घरकामाने शरीर हलतं, यात वाद नाही. पण माझा अनुभव असा, की भांडी घासताना डोक्यात दुसऱ्या दिवसाची यादी चालूच असते. हातातलं काम मध्येच टाकून दार उघडायचं असतं, फोन घ्यायचा असतो. त्या अर्ध्या तासात मला कुणीही हाक मारणार नाही, हा व्यायामाचा निम्मा गुण होता. तो अर्धा तास मागायला मला जिन्यापेक्षा जास्त धैर्य लागलं. सुरुवातीला घरी सांगायचे, ‘डॉक्टरांनी सांगितलंय.’ वर्षभराने सांगायला लागले, ‘मी जातेय.’

दोन गोष्टी मात्र गंभीरपणे सांगते. पहिली : छातीत दुखलं, श्वास लागला तर आधी हृदयाची तपासणी. आपण पंचेचाळिशीत आहोत. ‘टेन्शन असेल’ म्हणून घरी बसायचं नाही, बायकांनी तर नाहीच. माझं निदानही ईसीजीनंतरच झालं. दुसरी : खूप खोल नैराश्यात माणसाला अंथरुणातून उठणंही जमत नाही. त्याला ‘जरा फिरून ये, बरं वाटेल’ म्हणणं म्हणजे पाय मोडलेल्याला पळ म्हणणं. त्याला डॉक्टरांकडे न्या, सोबत बसा. सरकारची टेलिमानस ही मोफत सेवा आहे, नंबर १४४१६, मराठीतही बोलता येतं. तो फोनमध्ये आत्ताच साठवून ठेवा. स्वतःसाठी लागला नाही तर दुसऱ्यासाठी लागेल.

आपल्या या भागाला हे सगळं नवीन नाही. लालबाग-परळच्या तालमी, नायगाव-दादरची कबड्डीची मैदानं, शिवाजी पार्कचं श्री समर्थ व्यायाम मंदिर. तिथे मल्लखांब शिकवणाऱ्या उदय देशपांडे सरांना २०२४ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा मी ऑफिसात पेढे वाटले. मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा फेब्रुवारी २०१९ मध्ये शिवाजी पार्कवरच झाली. मी तेव्हा तिथून दहा मिनिटांवर होते आणि बघायला गेले नाही. रिलीज होता. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मी बांद्र्याच्या फलाटावर बसलेली होते. या दोन गोष्टींचा संबंध आहे असं मी म्हणत नाही. पण आठवण दोन्हींची एकदमच येते.

बाबा २०१४ मध्ये गेले. त्यांना हे काही विचारायचं राहून गेलं. ते खिडकीत बसायचे त्या वर्षांत तालमीतलं एखादं माणूस जरी घरी येऊन म्हणालं असतं, ‘जोर काढू नकोस, नुसता येऊन बस’, तर काय झालं असतं, असं मला वाटत राहतं. ते माणूस आपण एकमेकांसाठी होऊ शकतो, एवढ्यासाठी आज बोलायला हो म्हटलं.

म्हणून आता बोलणं बंद आणि कामाचं सांगते. येत्या रविवारपासून सकाळी साडेसहाला शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर, शिवरायांच्या पुतळ्यासमोर मी असेन. एक फेरी साधारण सव्वा किलोमीटरची, गप्पा मारत पंधरा-वीस मिनिटांची. वजन, वेळ, पावलं कुणी मोजणार नाही. ज्याला चालायचं नसेल त्याने कट्ट्यावर बसावं, फेरी संपवून आम्ही त्याच्यापाशीच येणार आहोत. सर, बाई, तुम्हीही या. नववीत पीटीचा तास गणिताला गेला होता, त्याची थकबाकी आहे.

आणि तिसऱ्या रांगेतल्या मैत्रिणी, दोरीवर परत चढायचं आपलं ठरलंय. आधी तू.