कुळाचा हिशेब कुळाच्या तोंडून

शहापूर-मुरबाडच्या साहित्यप्रेमींसमोर बोलताना मी एका फ्रेंच शेतकऱ्याचे नाव पुढे ठेवणार आहे. एमिल गियोमँ १८७३ मध्ये मध्य फ्रान्समधल्या ईग्रांद या खेड्यात जन्मले, गावच्या शाळेत जेमतेम चार-पाच वर्षे शिकले आणि १९५१ मध्ये त्याच गावात वारले. आयुष्यभर ते स्वतः जमीन कसत राहिले. दिवस शेताचा आणि गुरांचा, लिहिणे रात्री. १९०४ साली त्यांची 'ला व्ही दँ सँप्ल' ही कादंबरी आली. तिच्यात तिएनों नावाचा निरक्षर म्हातारा आपली सगळी हयात शेजाऱ्याला सांगतो. त्या वर्षीच्या गाँकूर पुरस्कारासाठी तिचे नाव चर्चेत होते, पुरस्कार मात्र लेओं फ्रापिए यांना मिळाला. ग्रामीण म्हणवणाऱ्या कुठल्याही पुस्तकाला मी एक प्रश्न विचारतो: यात जमिनीचा हिशेब कोण मांडतो आहे? गियोमँ यांच्या पुस्तकात तो कसणारा मांडतो, आणि म्हणूनच मला ते मोठे वाटते.

हा हिशेब जवळून पाहण्यासारखा आहे. तिएनों अर्धेलीने जमीन कसतो. पिकातला आणि गुरांच्या वाढाव्यातला अर्धा वाटा मालकाचा, वर एक रोख पट्टी वेगळी. कागद मालकाच्या किंवा मक्तेदाराच्या हातात. लिहितावाचता न येणाऱ्या तिएनोंला सारे तोंडपाठ ठेवावे लागते. करार बदलायचा दिवस ११ नोव्हेंबर, संत मार्तँचा. त्या दिवशी बिऱ्हाड गाडीत भरून दुसऱ्याच्या रानात जायचे. मन लावून सुधारलेली जमीनही मालकाने जास्त मागितले की सोडायची. जुन्या ठाणे जिल्ह्यातल्या कुळाला यात परके काय वाटेल? खळ्यावर भाताची रास पडली की आधी मालकाचा खंड, मग पावसाळ्यात उचललेली खावटी वाढीसकट, आणि उरलेच तर कुळाच्या घरी. लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी माणूस लग्नगडी होऊन वर्षानुवर्षे सावकाराच्या दारात राबे, बायकोही त्याच्याबरोबर. फ्रेंच अर्धेलीवर निदान ही पाळी आलेली नव्हती, म्हणून ही तुलना मी एका मर्यादेपर्यंतच ताणतो.

हे तर किसान सभेच्या गोदावरी परुळेकरांनी लिहून ठेवले आहे, असे कोणी म्हणेल. लिहिले आहे, आणि त्या ऋणातून हा जिल्हा मोकळा होणार नाही. जानेवारी १९४५ मध्ये इथून जवळच टिटवाळ्याला किसान सभेची परिषद भरली, त्यानंतर वारल्यांनी वेठ झुगारली. ती हकीकत १९७० च्या 'जेव्हा माणूस जागा होतो' मध्ये आहे. पण गोदावरीबाई पुण्याहून आल्या होत्या, कायदा शिकलेल्या होत्या, आणि त्यांचे पुस्तक लढ्याचे आहे. लढ्याआधीचा आणि नंतरचा रोजचा दिवस, आवणीतल्या चिखलाचा, मुलीच्या लग्नाच्या काळजीचा, शेजाऱ्याशी बांधावरून झालेल्या भांडणाचा, तो त्याच घरातल्या माणसाने सांगायचा राहिला आहे. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: अशा लेखनाला दस्तऐवज म्हणा, साहित्य कशाला म्हणता? गियोमँ यांच्या कारागिरीकडे पाहिले की हा आक्षेप टिकत नाही. तिएनों हे त्यांनी घडवलेले पात्र आहे. सत्तर वर्षांच्या आठवणींतून काय ठेवायचे आणि काय गाळायचे, म्हाताऱ्याचा सूर शेवटपर्यंत कसा सांभाळायचा, हे ठरवायला कादंबरीकारच लागतो. आणि लिहायला लागलेला शेतकरी शेतकरी उरत नाही, ही समजूतही गियोमँ यांच्या बाबतीत खोटी ठरते. नाव झाल्यावरही ते पॅरिसला गेले नाहीत. आपल्या भागातल्या अर्धेलींची संघटना बांधण्यात आणि तिचे पत्र चालवण्यात त्यांनी उमेदीची वर्षे घातली.

हे फक्त फ्रान्समध्येच घडू शकते असेही नाही. मुकुंदराव पाटलांनी १९१० साली सत्यशोधक विचाराचे 'दीनमित्र' साप्ताहिक सुरू केले आणि नगर जिल्ह्यातल्या तरवडीसारख्या खेड्यातून ते १९६७ पर्यंत चालवले. छापखाना खेड्यात, संपादक खेड्यात, वाचकही बहुतेक खेड्यांतले. 'कुलकर्णी लीलामृत' लिहून त्यांनी गावच्या दप्तराची सत्ता उघडी पाडली. पुण्या-मुंबईच्या वाङ्मयेतिहासाने त्यांना जेवढी जागा दिली, ती मला फार अपुरी वाटते. तरवडीला जे जमले ते टोकावड्याला, डोळखांबला, धसईला का जमू नये, याचे पटेल असे कारण मला सापडत नाही. आज तर छापखानाही लागत नाही.

वेळ मात्र थोडा आहे. कूळकायद्याने कसणाऱ्याला मालक मानले तो दिवस १ एप्रिल १९५७. त्या दिवशी पंधरा वर्षांचा असलेला मुलगा आज ऐंशीच्या पुढे आहे. बापाने खंड कसा मोजला, कोणाच्या नावावर जमीन चढली आणि कोणाची कागदाअभावी गेली, कातकरी-ठाकुरांच्या वाट्याला त्यातले काय आले, हे सांगू शकणारी माणसे या दोन तालुक्यांतल्या पाड्यापाड्यांवर अजून आहेत. इथल्या शिक्षकांना आणि कॉलेजात शिकणाऱ्या मुलामुलींना माझी विनंती आहे की भात कापून झाले की आपापल्या घरातल्या आजोबा-आजीसमोर वही घेऊन बसा, त्यांच्या बोलीत उतरवून घ्या, आणि पुढच्या संमेलनात कवितांच्या आधी ते वाचा.