बंगळूरचे एक फटकळ साप्ताहिक



निर्भीड वृत्तपत्र म्हटले की मराठी वाचकाला पुण्याची आठवण होणे स्वाभाविक आहे. कोल्हापूरचे कारभारी माधवराव बर्वे यांच्याविरुद्ध ‘केसरी’ आणि ‘मराठा’ यांनी लेखणी उचलली. ज्या पत्रव्यवहाराच्या आधारे ती उचलली तो बनावट ठरला. क्षमायाचना करूनही १८८२ साली टिळक-आगरकरांना डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस काढावे लागले. या प्रकरणाचा एक विशेष सहसा नजरेतून सुटतो. आरोप नाव घेऊन केलेला होता, आणि ज्याच्यावर तो केला त्याने समोर येऊन, न्यायालयाच्या पायऱ्या चढून, त्याचे उत्तर दिले होते. फटकळ पत्रकाराच्या वाट्याला येणारे वैर ते हेच. त्याला चेहरा असतो आणि पत्ताही असतो.

सुमारे शंभर वर्षांनी बंगळुरात अशाच वैरांचे एक मोहोळ उठले. पी. लंकेश हे मूळचे शिमोगा जिल्ह्यातले. बंगळुरात ते इंग्रजीचे अध्यापन करीत. कन्नड कथा, कविता, नाटक या तिन्ही प्रांतांत त्यांचे नाव झाले होते. ‘पल्लवी’ या चित्रपटाच्या दिग्दर्शनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारही लाभला होता. अशा प्रतिष्ठित माणसाने १९८० साली स्वस्त कागदावरचे, काळ्या शाईतले एक साप्ताहिक काढावे, याचे अनेकांना नवल वाटले. ‘लंकेश पत्रिके’ हे त्याचे नाव. त्यात जाहिरात घ्यायची नाही, असा संपादकांचा निश्चय होता.

हा निश्चय केवळ नैतिक नव्हता. तो व्यवहाराचाही होता. जाहिरातीवर जगणाऱ्या पत्राला सरकारी खाते, साखर कारखाना, मद्याचा मक्तेदार यांपैकी कोणाला ना कोणाला सांभाळावे लागते. लंकेशांना फक्त दुकानावर पैसे मोजणाऱ्या वाचकाला सांभाळायचे होते. त्या वाचकाला हवी होती ती आपल्या तालुक्याची हकीकत: कोणत्या आमदाराने कोणती जमीन घेतली, कोणत्या स्वामीजींच्या मठात काय चालते. मुख्यमंत्री गुंडूराव यांच्यापासून स्थानिक पुढाऱ्यापर्यंत सर्वांना पत्रिकेने टोपणनावे बहाल केली. लेखापेक्षा टोपणनाव अधिक झोंबते, कारण लेख आठवड्याने शिळा होतो आणि नाव मात्र चावडीवर राहते. जानेवारी १९८३ च्या निवडणुकीत गुंडूरावांचा पक्ष हरला, त्याचे श्रेय पत्रिकेचे चाहते तिला देतात. ही अतिशयोक्ती मानावी लागेल. मात्र पुढे सत्तेवर आलेल्या रामकृष्ण हेगडे यांनाही पत्रिकेने सोडले नाही, हे तिच्या पदरी जमा धरलेच पाहिजे.

पत्रिका केवळ पुढाऱ्यांच्या मागे लागलेली नव्हती. सारा अबूबकर यांची ‘चंद्रगिरिय तीरदल्लि’ ही कादंबरी तिच्यातूनच क्रमशः प्रसिद्ध झाली. एका मुसलमान स्त्रीने आपल्याच समाजातील तलाकाच्या प्रथेवर बोट ठेवावे, याने उठलेले वैर मंत्र्याच्या वैरापेक्षा कठीण असते. ते शेजारच्या घरात राहते. २०२५ चा आंतरराष्ट्रीय बुकर पुरस्कार ज्यांना मिळाला त्या बानू मुश्ताक यांनीही या साप्ताहिकासाठी वार्ताहर म्हणून काम केले होते.

अशा पत्रावर सूड उगवण्याचा रुळलेला मार्ग म्हणजे अब्रुनुकसानीची फिर्याद. १८६० च्या दंडसंहितेने हा फौजदारी गुन्हा ठरवला आणि त्यासाठी दोन वर्षांपर्यंत कैद ठेवली. केवळ खरे लिहिले एवढा बचाव तेथे पुरत नाही. ते लोकहितासाठी लिहिले हेही दाखवावे लागते. २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद घटनेशी सुसंगत ठरवली, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या न्यायसंहितेतही ती कायम आहे. त्यातून, अंक जेथे विकला जातो तेथे फिर्याद लावता येते. अंक छापायचा बंगळुरात आणि तारखांना हजर राहायचे दूरच्या गावी! निकाल काहीही लागो, या हेलपाट्यांत अर्धी शिक्षा भोगून होते.

२५ जानेवारी २००० रोजी लंकेश निवर्तले. त्यांची कन्या गौरी तोवर इंग्रजी पत्रकारितेत वावरलेल्या, कन्नड लेखनाचा सराव नसलेल्या. त्यांनी संपादकपद पत्करले. मालकी बंधू इंद्रजित यांच्याकडे राहिली. २००५ साली नक्षलवाद्यांविषयीच्या एका वृत्तावरून दोघांत फूट पडली आणि बहीण-भावांनी परस्परांविरुद्ध पोलिसांत तक्रारी नोंदवल्या. गौरींनी ‘गौरी लंकेश पत्रिके’ हे वेगळे साप्ताहिक काढले. आगरकरांनी ‘केसरी’ सोडून १८८८ साली ‘सुधारक’ काढल्याचे येथे स्मरण होईल. परखडपणाची सवय लागलेल्या घरात तो उंबरठ्याबाहेर ठेवता येत नसावा.

२००८ च्या एका लेखाबद्दल, खासदार प्रल्हाद जोशी व अन्य एका पुढाऱ्याच्या फिर्यादीवरून, हुबळीच्या न्यायालयाने नोव्हेंबर २०१६ मध्ये गौरींना सहा महिन्यांची शिक्षा सुनावली. त्यांना जामीन मिळाला. हा निकाल पटो वा न पटो, तो त्या जुन्या रीतीतला होता. फिर्यादी कोण ते ठाऊक होते, आणि वरच्या न्यायालयाचा दरवाजा उघडा होता.

५ सप्टेंबर २०१७ च्या रात्री राजराजेश्वरीनगरातील घराच्या दारात गौरींवर गोळ्या झाडण्यात आल्या. पहिली शंका अर्थातच जुन्या वैऱ्यांवर गेली. इतकी वर्षे इतक्यांना दुखावलेले. यादी लांब होती. परंतु तपास पथकाच्या आरोपपत्राने जे मांडले ते निराळेच. आरोपींचे त्यांच्याशी वैयक्तिक वैर नव्हते. हत्येचे कारण त्यांचे विचार आणि लेखन हे होते, आणि हे काम एका संघटित टोळीचे होते. आरोपींत महाराष्ट्रातीलही होते. पुण्यात दाभोलकर, कोल्हापुरात पानसरे, धारवाडात कलबुर्गी यांच्या हत्या ज्यांनी पाहिल्या, त्यांना या रीतीची ओळख पटली. या खटल्यात साक्षीपुरावा २०२२ मध्ये सुरू झाला.

गौरींच्या साप्ताहिकाचा पुढचा अंक १३ सप्टेंबर २०१७ या तारखेचा होता. त्यातील त्यांच्या स्तंभाच्या कन्नड नावाचा अर्थ ‘दिसले तसे’ असा होतो. त्या शेवटच्या लेखाचा विषय होता खोट्या बातम्या. आणि उदाहरण घेतले होते ते गणेशोत्सवावर सरकारने निर्बंध घातल्याच्या एका अफवेचे, जी कर्नाटकात हातोहाती फिरली होती.